हाटाच्या दुसऱ्या दिवसाचं नाव

माझं नाव मी इथे सांगणार नाही, पण त्याचा अर्थ सांगतो. उकिरडा. माझ्याआधी आईची तीन मुलं पाळण्यातच गेली होती, म्हणून मी झालो तेव्हा मला सुपात घालून उकिरड्यावर नेऊन ठेवलं. ठरल्याप्रमाणे शेजारणीने उचललं आणि आईने तिला पसाभर ज्वारी देऊन मला परत घेतलं. कचऱ्यातून आणलेल्या पोरावर कोणाची नजर जाणार, असा त्यामागचा विचार. आमच्या तापीकाठच्या गावात या अर्थाच्या नावाची पाच-सहा माणसं होती. मी जगलो आणि त्याचं सगळं श्रेय नावाला मिळालं. शाळेत मात्र त्याच नावाने माझा जीव नकोसा करून सोडला. पुढे मास्तरकीच्या ट्रेनिंगला गेल्यावर मी ते बदलून घेतलं आणि संस्कृतातलं, चांगलं चार अक्षरी नाव लावलं. आई शेवटपर्यंत जुन्याच नावाने हाक मारायची आणि मी मुद्दाम ओ द्यायचो नाही. आता ओ द्यावीशी वाटते, पण हाक मारणारं कोणी राहिलं नाही.

नोकरीला लागलो त्या वयात मला नावांचा नाद लागला होता. नाद म्हणजे खोडच. कोणी भेटला की त्याच्या गावाचं नाव विचारायचं आणि ते नाव कुठून आलं याचा तर्क लढवायचा. चिंचपाड्याला कष्टच नाहीत, चिंच समोरच उभी असते. विसरवाडीत मी एका राजस्थानी दुकानदाराला अर्धा तास ऐकवलं होतं की हे मूळचं विसाव्याचं ठिकाण असणार, गाडीवान बैल सोडून इथे बसत असतील आणि विसाव्याची वाडी बोलता बोलता विसरवाडी झाली असेल. त्याने शांतपणे ऐकून घेतलं आणि म्हणाला, मास्तर, गिऱ्हाईक इथे छत्री विसरतं, पिशवी विसरतं, एकदा एक जण सासू विसरून गेला, मला तर नाव बरोबर वाटतं. खांडबाऱ्याचं मी बारा खांडांशी नातं जोडलं होतं, तर स्टेशनावरच्या एका म्हाताऱ्याने सांगितलं की खांड म्हणजे डोंगरातली फट आणि बारी म्हणजे खिंड, तुमच्या बाराचा इथे काय संबंध. धडगावला बदली झालेला माझा एक मित्र म्हणायचा की तिथे धड फक्त गावाचं नाव आहे, रस्ता नाही. यातलं खरं काय, देव जाणे. पण मला वाटायचं की नाव उलगडलं म्हणजे माणूस आणि गाव दोन्ही कळले. एवढा शहाणा मी पुन्हा कधी झालो नाही.

ही मुंबई राज्याची दोन राज्यं होण्याच्या आधीची गोष्ट. आमचा जिल्हा तेव्हा पश्चिम खानदेश होता. पुढे त्याचं धुळे झालं आणि आता म्हातारपणी नंदुरबार झालं आहे. मी घर बदललं नाही, पत्ता मात्र दोनदा बदलला. माझी नेमणूक खांडबाऱ्यापासून दोन-अडीच कोसांवरच्या एका गावात झाली. एका खोलीची शाळा, एकच शिक्षक. गाव म्हणजे चार पाडे, ते चार टेकड्यांवर पसरलेले, आणि एका पाड्याची हाक दुसऱ्याला ऐकू येत नसे. घरात लोक आपली बोली बोलत, माझ्याशी बाजारातली अहिराणी बोलत, आणि मी वर्गात पुस्तकातली मराठी बोलायचो. अहिराणी माझ्या घरचीच भाषा, पण मास्तराच्या तोंडी ती शोभत नाही असं मला वाटायचं, म्हणून लोक अहिराणीत विचारत आणि मी मराठीत उत्तर देई.

या लोकांची नावं बघून मी हरखून गेलो. पोर ज्या वारी जन्मलं तो वारच त्याचं नाव. रविवारचा तो दित्या, सोमवारचा सोम्या, मग मंगळ्या, बुध्या, शुकऱ्या. मुलींचंही तसंच. हजेरी घेताना आठवडा म्हणून दाखवल्यासारखं वाटायचं. वरून तोंडी सूचना होती की नावं जरा सुधारून लिहावीत. मग मी दोन सोम्यांना सोमनाथ केलं आणि एका दित्याला दिनकर. ती पोरं नव्या नावाला ओ द्यायला आठ-आठ दिवस घेत आणि मी त्यांना बावळट म्हणत असे.

नवऱ्याचं नाव घ्यायचं नाही ही रीत आपल्याकडे सगळीकडेच होती. माझ्या आईने वडिलांचं नाव लग्नात आणि मंगळागौरीत, तेही उखाण्याच्या आडून घेतलं असेल तेवढंच. पण इथे नवरा म्हणजे वार, त्यामुळे बाईच्या तोंडातून एक वारच नाहीसा व्हायचा. सोम्याची बायको सोमवार म्हणू शकत नसे. ती रविवारचा दुसरा दिवस म्हणे, किंवा मंगळवारचा आदला. नाव घेतलं की नवऱ्याचं आयुष्य कमी होतं, अशी त्यांची पक्की समजूत होती. मला त्याची गंमत वाटायची आणि मी ते वहीत टिपून ठेवलं होतं. टिपताना मी हसलोही असेन.

पहिल्याच वर्षाच्या शेवटी, उन्हाळ्याच्या सुट्टीला दोन दिवस राहिले असताना, सकाळी शाळा भरायच्या वेळी एक बाई धापा टाकत आली. वयाने विशी-बाविशीची असेल. ती सगळ्यात वरच्या पाड्यावरची होती आणि त्या पाड्यावरचं एकही पोर शाळेत नव्हतं, त्यामुळे मी तिला कधी पाहिलं नव्हतं. तिचा नवरा आठ दिवस तापाने फणफणला होता आणि आता ताप डोक्यात जाऊन तो बरळत होता. दीर आणि आणखी तिघं त्याला बाजेवर घालून स्टेशनाकडे निघाले होते. आगगाडीने एका मोठ्या गावच्या दवाखान्यात न्यायचं ठरलं होतं. त्या गावाचं नाव मी लिहीत नाही. कोणीतरी सांगितलं होतं की मास्तरची चिठ्ठी असली म्हणजे दवाखान्यात घेतात.

मी कागद काढला, गावाचं आणि पाड्याचं नाव लिहिलं, ताप किती दिवसांचा ते लिहिलं, आणि रुग्णाचं नाव विचारलं. ती खाली बघायला लागली. गाडीची वेळ होत आली होती. मी पुन्हा विचारलं, जरा चढ्या आवाजात.

"मी त्यानं नाव कसं लिसू, गुरजी?" म्हणजे नवऱ्याचं नाव कसं घेऊ, असं ती म्हणाली, आणि मग घाईने, "हाटना दुसरा दिन. तेच त्यानं नाव शे."

मला काय आनंद झाला म्हणून सांगू. दारात माणूस मरणाच्या वाटेवर आणि मला कोडं सुटल्याचा आनंद. हाट म्हणजे आठवड्याचा बाजार. आमचा बाजार नदीकाठी मंगळवारी भरायचा. मीठ, तेल, साबण, रॉकेल, सगळं मी तिथूनच आणायचो. मंगळवारचा दुसरा दिवस बुधवार. मी झोकात लिहिलं, बुध्या. खाली सही केली, शाळेचा शिक्का मारला आणि घडी घालून तिच्या हातात दिली. ती तशीच पळत सुटली.

मी लिहिलेलं वाचून दाखवलं नाही. एकदा मोठ्याने बुध्या म्हणालो असतो तर तिने नाही म्हणून मान हलवली असती. त्याला काही क्षणांपेक्षा जास्त लागलं नसतं. पण विचारावं असं मला वाटलंच नाही, कारण मला उत्तर आलं होतं.

सुट्टी लागली आणि मी तापीकाठी घरी गेलो. दीड महिना आंबे खाल्ले, दुपारी झोपा काढल्या, आणि त्या चिठ्ठीची गोष्ट दोघा-तिघांना रंगवून सांगितली. बाईने कसं कोडं घातलं आणि मी कसं चुटकीसरशी सोडवलं. ऐकणारे वाहवा करत होते.

शाळा उघडायला परत आलो, तेव्हा पाटलाने मला चहाला बोलावलं आणि सुट्टीत झालेली एक गंमत सांगितली. मे महिन्याच्या अखेरीला दवाखान्याचं एक कार्ड आलं होतं. तुमच्या गावच्या बुध्या नावाच्या रुग्णाची प्रकृती गंभीर आहे, नातेवाइकांनी ताबडतोब यावे, असा मजकूर. पाटलाच्या मुलाने तो वाचला. गावात बुध्या एकच, खालच्या पाड्यावरचा, आणि तो त्या वेळी पाटलाच्याच अंगणात विडी ओढत बसला होता. "बुध्या तं आठे बशेल शे," असं म्हणून सगळे खो-खो हसले. बुध्यानेही स्वतःची नाडी बघितली आणि म्हणाला, सरकार म्हणतं तर असेन मी गंभीर. आठवडाभर लोक त्याला वाटेत अडवून तब्येत विचारत होते. ते कार्ड पाटलाने छपराच्या वाशात खोचून ठेवलं होतं, ते त्याने मला काढून दाखवलं.

मीही हसलो. हे लिहिताना लाज वाटते, पण हसलो खरा. आणि हसता हसताच मला आठवलं की बुध्या हे नाव मी चिठ्ठीत लिहिलं होतं. मी पाटलाला विचारलं की वरच्या पाड्यावरून एकाला बाजेवर घालून नेलं होतं, त्याचं काय झालं. पाटील म्हणाला, त्याचा पत्ताच नाही. दवाखान्यात चिठ्ठी घेऊन त्याला आत नेलं आणि सोबतच्यांना दारातूनच परत पाठवलं. बायको आणि दीर मेच्या दुसऱ्या आठवड्यात जाऊन आले. दिराने नाव सांगितल्यावर खिडकीवरच्या माणसाने सगळं रजिस्टर उलटून पाहिलं, त्यात त्याचं नावच नव्हतं. आत कोणी सोडलं नाही, म्हणून दोघं दिवसभर बाहेर निंबाखाली बसून राहिले आणि संध्याकाळच्या गाडीने परत आले. पुढे कुठल्या दवाखान्यात पाठवला असेल, असं लोक म्हणत होते.

मी विचारलं, त्याचं नाव काय.

"शुकऱ्या," पाटील म्हणाला.

मी म्हणालो, पण हाट तर मंगळवारी असतो.

"तो आपला हाट," तो म्हणाला. "वरला पाडाना हाट गुरवारना. त्या रानमातला हाटले जातस."

तो रानातला बाजार मी कधी पाहिला नव्हता. असा दुसरा बाजार आहे हेही मला ठाऊक नव्हतं. गावाच्या नावापासून झाडांच्या नावांपर्यंत सगळं टिपलेल्या माझ्या वहीत तो बाजार नव्हता. ते दोघं निंबाखाली बसले होते, त्या दिवशी तो आत जिवंत होता. कार्ड त्यानंतर आलं, हे कार्डावरच्या तारखेवरून मला तिथेच कळलं. चहा मी अर्धा टाकला.

दुसऱ्या दिवशी शाळेला सुट्टी देऊन मी वरच्या पाड्यावर गेलो. दीर मजुरीला सुरतेकडे गेला होता. सासू अंगणात बसून होती, तिला दिसत नव्हतं. मी त्या बाईला म्हणालो की चिठ्ठीत काहीतरी घोटाळा झाला असावा, आपण पुन्हा जाऊन चौकशी करू. घोटाळा झाला असावा, असंच म्हणालो. तो कोणी केला ते वाक्यात कुठेच येऊ दिलं नाही. एवढी मराठी मला येत होती. तिने लगेच नवऱ्याचं धुतलेलं धोतर आणि दोन नागलीच्या भाकरी फडक्यात बांधल्या. परत येताना त्याला नेसायला काही हवं, असं ती सासूला सांगत होती.

गाडीत ती माझ्यासमोर खाली बसली. बाकावर बस म्हटलं तरी बसली नाही. मध्येच तिने विचारलं की दवाखान्यात भाकरी देतात का. मी हो म्हणालो. मग म्हणाली, त्याला भाकरीशिवाय काही गोड लागत नाही. मी मनात वाक्यं जुळवत होतो आणि मोडत होतो.

दवाखान्यातल्या खिडकीवरचा माणूस म्हातारा आणि सौम्य होता. मी खिडकीशी वाकून त्याला हळूच म्हणालो की बुध्या नावाचा माणूस बघा. त्याने पान उलटलं, बोट ठेवलं आणि माझ्याकडे न बघता सांगितलं की तो गेला. कार्ड टाकलं होतं, कोणी आलं नाही. नियमाप्रमाणे एक दिवस वाट बघून दवाखान्यानेच माती दिली. मग त्याने चष्मा वर केला आणि तिला विचारलं की हा बुध्या तुझा नवरा का.

तिचा चेहरा उजळला. खरंच उजळला. ती ठामपणे नाही म्हणाली. तिचा माणूस बुध्या नव्हता, दुसरा कोणी बुध्या मेला असेल. बिचारा कोणाचा होता, असंही तिने विचारलं. खिडकीवरच्या माणसाने मग तुझ्या माणसाचं नाव सांग म्हटलं, तशी ती पुन्हा खाली बघायला लागली. मी सांगू शकलो असतो. तोंड उघडलंही होतं. पण मी सांगितल्यावर जे होणार होतं ते दोन मिनिटं लांबवावं, एवढीच अक्कल मला त्या वेळी सुचली.

त्या म्हाताऱ्याने वॉर्डातल्या नोकराला हाक मारली आणि त्या रोग्याचं गाठोडं राहिलं असेल तर आणायला सांगितलं. नोकर एक चिरगुट घेऊन आला. त्यात कमरेचा करगोटा होता आणि कानातली एक पितळी बाळी. तो सांगू लागला की माणूस फार गरीब होता, कोणाला त्रास दिला नाही. बुध्या, बुध्या म्हणून हाका मारल्या तरी बघायचा नाही, म्हणून त्याच्या कागदावर बहिरा असं लिहिलं होतं. त्याची भाषा कोणाला कळायची नाही. ताप उतरला की छातीवर हात ठेवून एकच शब्द म्हणायचा, शुक्कर, शुक्कर. आम्हाला वाटलं, घरी कधी सोडणार ते विचारतो. मग आम्हीही म्हणायचो, हो बाबा, शुक्रवारी सोडू. प्रत्येक शुक्रवारी तो बसून राहायचा.

तिने बाळी उचलली. बराच वेळ ती बोटात फिरवत राहिली. मग खिडकीच्या गजाला धरून उभी राहिली आणि स्पष्ट आवाजात म्हणाली, "शुकऱ्या."

आत कोणाला हाक मारावी तसं तिने ते आणखी दोनदा म्हटलं. खिडकीवरच्या माणसाला वाटलं, ती नाव सांगते आहे, म्हणून त्याने टाक उचलला. पण ती सांगत नव्हती. ती नाव घेत होती, आणि ते घेता येतं म्हणजे कमी व्हायला आता त्याचं आयुष्यच राहिलेलं नाही, हे तिला मी न सांगताच कळलं होतं. तिने रडणं सुरू केलं ते बाहेर, निंबाखाली येऊन. मी तिच्यापासून चार हात लांब, टोपी हातात घेऊन उभा होतो. रजिस्टरात बुध्यावर रेघ मारून वर शुकऱ्या लिहिलं गेलं. खाली साक्षीदार म्हणून माझी सही आहे.

परतीच्या गाडीत ती पुन्हा खालीच बसली. धोतर आणि भाकरी फडक्यात तशाच होत्या. एक स्टेशन गेलं, दुसरं गेलं. मी ठरवलं होतं की खांडबारा यायच्या आत सांगायचं. बाई, तू सांगितलंस ते बरोबर होतं, मी चुकीचं लिहिलं. एवढंच वाक्य. तेवढ्यात तीच बोलली.

"मी तवय नाव लिधं ऱ्हातं, तं तो घर वना ऱ्हाता."

म्हणजे मी त्याच वेळी नाव घेतलं असतं तर तो घरी आला असता. चूक तिने शोधून काढली होती आणि ती स्वतःच्या पदरात घेतली होती. नाव घेतल्याने माणूस मरतो असं तिला लहानपणापासून शिकवलं होतं, आणि तिने नाव घेतलं नाही म्हणून तो मेला, असं तिला आता वाटत होतं. मी म्हणालो, असं नको म्हणू, बाई. तिला ते सांत्वन वाटलं. तिने मान हलवली, डोळे पुसले आणि मला म्हणाली की गुरजी, तुम्ही होता म्हणून एवढं तरी कळलं. खांडबारा आलं आणि आम्ही उतरलो.

आणखी दोन वर्षं मी त्या गावात होतो. ती कधी अंबाडीची भाजी, कधी मोहाची फुलं कोणाबरोबर तरी शाळेत पाठवायची. मी ती घ्यायचो, शिजवून खायचो. परत पाठवायची तर कारण सांगावं लागलं असतं. तिने आणखी एक गोष्ट केली. पाड्यातल्या बायकांना ती बजावू लागली की दवाखान्यात, कचेरीत, कोणी लिहिणारा समोर बसला की नवऱ्याचं नाव सरळ घ्यायचं, लाज धरायची नाही, नाहीतर माझ्यासारखं होईल. पहिल्यांदा तिला शिव्या खाव्या लागल्या. मग एकेक बाई नाव घेऊ लागली. तपासणीला आलेले साहेब हे ऐकून खूष झाले आणि शिक्षकाच्या प्रयत्नाने गावात सुधारणा दिसते, असा शेरा त्यांनी माझ्या बुकात मारला. मी तो खोडायला सांगितला नाही.

मग जनगणना आली आणि गणना करायचं काम शिक्षकांवरच पडलं. वरच्या पाड्यावर मी तिच्या अंगणात बसलो. सासू वारली होती, दीर वेगळा राहत होता, घरात ती एकटी. तिचं नाव, वय, सगळं लिहून झालं. विवाहित का, या प्रश्नापुढे मी न विचारताच विधवा लिहिलं. ती माझ्या हाताकडे बघत होती. मी गणनेचा कागद बाजूला ठेवू लागलो तशी ती म्हणाली की त्याचं नाव राहिलं.

मेलेल्या माणसाचं नाव लिहायला त्या कागदावर जागा नव्हती. मोजायची होती ती जिवंत माणसं. मी तसं सांगायला गेलो, पण तिने ते ऐकलंच नाही. तिने पदर सावरला, नीट उभी राहिली आणि नवऱ्याचं नाव घेतलं. मी कागदाच्या कडेला, समासात लिहिलं.

"तेच लिखं ना, गुरजी?"

मी हो म्हणालो.

"वाची दखाडा."

मी वाचून दाखवलं, शुकऱ्या. तिने मान हलवली, समाधानाने, आणि म्हणाली की त्या वेळी माझ्या तोंडून एवढं निघालं असतं तर बरं झालं असतं. मी टाकाचं टोक पुसलं, कागद पिशवीत घातले आणि पुढच्या घराकडे निघालो.